पितळी नागीण आणि १४४ फ्रेम

१९९७ सालच्या मार्च महिन्यात एका चित्रपटाच्या पटकथेतले दीड पान आमच्या स्टुडिओत आले. त्यातला आमच्या वाट्याचा मजकूर एवढाच होता: ओसरीवर ठेवलेला पितळी तांब्या कोणीही हात न लावता वितळतो, त्याच पितळेची नागीण होते आणि ती उंबरा ओलांडून माजघरात शिरते. पडद्यावरचा वेळ सहा सेकंद. चित्रपटात एका सेकंदाला २४ फ्रेम लागतात, म्हणजे आम्हाला १४४ चित्रे तयार करायची होती. त्या १४४ चित्रांना साडेचार महिने लागले. उपयोजित कलेच्या शिक्षणाची चार वर्षे माझ्या गाठीशी होती, तरी वस्तूकडे आणि तिच्या सावलीकडे पाहायचे कसे हे मला या साडेचार महिन्यांनीच शिकवले. म्हणून ते काम जसे घडले तसे इथे लिहीत आहे.

अंधेरीच्या एका औद्योगिक वसाहतीतल्या गाळ्यात आम्ही सहा जण काम करत होतो. तोवरचे आमचे बहुतेक काम दूरचित्रवाणीसाठीचे होते: फिरणारी बोधचिन्हे, मालिकांची शीर्षके, साबणाच्या वडीवरून ओघळणारा थेंब. तिथे ७२० गुणिले ५७६ बिंदूंचे चित्र पुरत असे. चित्रपटाच्या फ्रेमला मात्र २०४८ गुणिले १५५६ बिंदू लागत, म्हणजे साडेसात पटींहून अधिक, आणि अशी एक फ्रेम संगणकात सुमारे १२.७ मेगाबाइट जागा घेत असे. एका सेकंदाचेच तीनशे मेगाबाइट होत. आमच्याकडे सिलिकॉन ग्राफिक्सची दोन जांभळी इंडिगो-टू यंत्रे होती आणि दोन्हींच्या डिस्क मिळून आठ गिगाबाइट जागा होती. मूळ चित्रीकरण, नागीण, तिची सावली आणि सगळे एकत्र बसवलेले अंतिम चित्र असे चार संच ठेवायचे म्हटले, तर सात गिगाबाइटहून अधिक जागा या एका शॉटलाच हवी होती. त्यामुळे संपूर्ण शॉट आम्हाला कधीच एकाच वेळी डिस्कवर ठेवता आला नाही. तुकडा टेपवर उतरवायचा, डिस्क मोकळी करायची आणि पुढचा तुकडा चढवायचा, हा क्रम शेवटपर्यंत चालला.

शिकवणारे असे कोणी नव्हते. सॉफ्टवेअरबरोबर आलेल्या जाडजूड पुस्तिका होत्या आणि ‘सिनेफेक्स’ या अमेरिकन त्रैमासिकाच्या अंकांच्या झेरॉक्स प्रती होत्या, ज्या एका स्टुडिओतून दुसऱ्या स्टुडिओत फिरत फिरत अक्षरे पुसट झालेल्या अवस्थेत आमच्यापर्यंत येत. ‘जुरासिक पार्क’ आपल्याकडे १९९४ मध्ये हिंदीतही प्रदर्शित झाला तेव्हा मी तो तीन वेळा पाहिला होता, पण त्यात संगणकाने केलेले डायनासोर जेमतेम सहा मिनिटांचेच आहेत, बाकीचे स्टॅन विन्स्टन यांच्या चमूने बांधलेले प्रत्यक्ष यांत्रिक प्राणी आहेत, हे मला त्या झेरॉक्स प्रतींतून कळले. त्याच चित्रपटासाठी फिल टिपेट यांच्या कार्यशाळेतल्या कलावंतांना सांध्यासांध्यात संवेदक बसवलेला डायनासोरचा धातूचा सांगाडा करून दिला होता. बाहुली एकेक फ्रेम हलवण्याची त्यांची आयुष्यभराची सवय होती. तो सांगाडा हाताने हलवला की त्याची हालचाल थेट संगणकात उतरत असे. हे वाचून मला फार दिलासा मिळाला होता. हाताची जाण वाया जाणार नव्हती.

आमच्या वाट्याला पितळ आले हे एका अर्थाने बरेच झाले. त्या काळातल्या संगणकाला कडक, गुळगुळीत, चकचकीत वस्तू सहज जमत. केस, कातडी, कापड आणि धूळ जमत नसे. ‘ट्रॉन’ १९८२ साली आला तेव्हा त्यातली वाहने गोळे, नळकांडी आणि शंकू यांची जोडणी आणि छाटणी करून घडवलेली होती. १९८९ च्या ‘द अबिस’मध्ये पाण्याचा सजीव खांब आला आणि १९९१ च्या ‘टर्मिनेटर’च्या दुसऱ्या भागात वितळणाऱ्या धातूचा माणूस आला. पिक्सारने १९९५ साली पहिला संपूर्ण संगणकनिर्मित चित्रपट केला, तो खेळण्यांवर केला. गोळे-शंकू, पाणी, पारा, प्लास्टिक अशी ही क्रमवारी पाहिली की कथेतल्या वस्तूंची निवड तंत्राच्या कुवतीने किती ठरवली होती, हे ध्यानात येते. पण चकाकणाऱ्या वस्तूचा एक स्वभाव आहे: तिच्यात आजूबाजूचे सगळे दिसते. आमचा तांब्या पितळेचा असल्यामुळे अख्खा वाडा त्याच्या पोटावर दिसायला हवा होता, आणि तो दिसला नाही तर प्रेक्षकाला कारण सांगता आले नसते तरी खोटेपणा खात्रीने जाणवला असता.

चित्रीकरण एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात वाईजवळच्या एका वाड्यात झाले. कॅमेरा हलणार नाही, ही आमची एकमेव अट होती, कारण हलत्या कॅमेऱ्याची चाल संगणकात उतरवण्याची साधने आमच्याजवळ नव्हती. तिवईच्या पायांवर वाळूच्या पिशव्या ठेवल्या. मी मोजपट्टी, कोनमापक आणि शाळेची चौकटीची वही घेऊन बसले होते. भिंग ३५ मिलिमीटरचे, भिंगाची फरशीपासूनची उंची, कॅमेऱ्याचा खाली झुकलेला कोन, तांब्याच्या जागेपर्यंतचे अंतर, प्रत्येक फरशीची लांबी-रुंदी, उंबऱ्याची उंची आणि त्याच्या झिजलेल्या मधल्या भागाची खोली, असे सगळे त्या वहीत उतरवले. सेटवरची माणसे खोळंबली होती आणि मोजमापासाठी थांबायची त्यांना सवय नव्हती, तरी छायालेखकांनी मला पुरती वीस मिनिटे मिळवून दिली. ती वही नसती तर पुढचे काम झालेच नसते.

चौकातून येणारा उन्हाचा कवडसा ओसरीच्या कडेला फार तर पाऊण तास टिकत होता. तेवढ्या वेळात तीन गोष्टी टिपायच्या होत्या: खरा तांब्या ठेवलेला शॉट, तांब्याशिवायचा रिकामा शॉट, आणि त्याच जागी करड्या रंगाने रंगवलेला रबरी चेंडू ठेवून घेतलेला छोटा तुकडा. चेंडूवरून उजेड कोणत्या बाजूने किती येतो ते समजते आणि सावलीची कड किती मऊ आहे तेही दिसते. शिवाय तांब्याच्या जागी साधा छायाचित्रांचा कॅमेरा ठेवून मी सहा बाजूंची सहा छायाचित्रे घेतली: वर, खाली आणि चार दिशा. त्यांत वर चौकातल्या आकाशाचा पांढरा चौकोन होता, समोर माजघराचे काळे दार होते, उजवीकडे तुळशीवृंदावन आणि त्याच्या मागे कॅमेऱ्याच्या बाजूला उभी असलेली माणसे होती. त्या माणसांना मी नंतर एकेक करून रंगवून पुसले.

सभोवतालचे चित्र वस्तूवर गुंडाळून तिला चकाकी द्यायची ही युक्ती जिम ब्लिन आणि मार्टिन न्यूएल यांनी १९७६ साली मांडली होती. यातल्या न्यूएल यांनीच त्याच्या आदल्या वर्षी युटा विद्यापीठात आपल्या घरातली चहाची किटली कागदावर रेखाटून संगणकात उतरवली, आणि पुढे जगभरच्या या क्षेत्रातल्या प्रत्येक विद्यार्थ्याने ती किटली वापरली. मी माझ्या आजीचा तांब्या मोजला. कंपासपेटीतल्या पट्टीने दर पाच मिलिमीटरवर व्यास घेतला, आलेख-कागदावर अर्धी बाजू काढली आणि ती रेषा संगणकात देऊन स्वतःभोवती फिरवली. काही सेकंदांत तांब्या उभा राहिला. गळ्यापाशी आत वळलेला, काठाला बाहेर उमललेला, बुडाशी थोडा चपटा. तो पाहून गाळ्यातले सगळे उठून माझ्या पडद्यापाशी आले.

पण तो फार स्वच्छ होता. आजीचा तांब्या चाळीस वर्षे चिंचेने घासलेला होता. त्याच्या पोटावर दोन पोचे होते, काठ एका बाजूने बोटभर दबलेला होता, आणि गळ्याखाली ठिपक्या-ठिपक्यांनी कोरलेले नाव होते. भांड्यांवर नावे घालणारा कारागीर छिन्नी आणि छोट्या हातोडीने एकेक ठिपका उठवत जातो. काना वर जाताना ठिपके दाट होतात, वळणावर विरळ होतात, आणि शेवटच्या अक्षराशी जागा संपत आली की अक्षरे दाटीवाटीने बसतात. मी भिंग लावून ते नाव तासभर पाहिले. ठिपक्याच्या आत पितळ काळपट असते, पण ठिपक्याच्या वरच्या कडेला उजेडाचा एक बारीक केसाएवढा तुकडा पकडलेला असतो, आणि तांब्या फिरवला की तो तुकडा एका ठिपक्यावरून दुसऱ्यावर उडी मारत जातो. चित्रपटासाठी नाव अर्थातच वेगळे घातले, पण ठिपके तसेच घातले: करड्या रंगाच्या चित्रात काळ्या बिंदूंनी, आणि त्या चित्राच्या आधाराने संगणकाला पृष्ठभाग खोलगट भासवायला सांगून. हीही ब्लिन यांचीच १९७८ सालची देणगी.

घासल्याच्या खुणांसाठी केन पर्लिन यांची पद्धत कामी आली. ‘ट्रॉन’साठी काम केलेल्या मॅगी या कंपनीत पर्लिन होते. संगणकाची चित्रे अती यांत्रिक दिसतात ही गोष्ट त्यांना खटकत राहिली, आणि त्यातून त्यांनी निसर्गातल्यासारखा अनियमितपणा आकड्यांतून निर्माण करणारी रीत शोधली. संगमरवर, ढग, गंज, लाकडाच्या रेषा, हे सगळे त्या एका रीतीतून निघते. आम्ही हे काम करत होतो त्याच वर्षी, १९९७ मध्ये, अमेरिकेच्या चित्रपट अकादमीने त्यांना त्यासाठी तांत्रिक पुरस्कार दिला. मला या माणसाबद्दल मनापासून आदर वाटतो. यंत्र जे काही नीटनेटके देते त्यावर समाधान न मानता त्यात मळ कसा आणता येईल याचा विचार त्यांनी केला, आणि माझ्या तांब्यावरचे चिंचेचे फिकट पट्टे त्यांच्याच विचारातून आले.

वितळण्याचा प्रश्न वेगळा होता. एका आकाराचे दुसऱ्या आकारात रूपांतर करायचे तर दोन्ही आकारांतले नियंत्रक बिंदू, म्हणजे पृष्ठभागाला आकार देणारे बिंदू, संख्येने सारखे आणि त्याच क्रमाने असावे लागत. तांब्या आणि नागीण यांच्यात वरवर पाहता काहीच साम्य नाही. दोन आठवडे आम्ही तांब्याच्या बुडातून शेपूट आणि पोटातून फणा काढण्याच्या खटपटीत होतो आणि पृष्ठभाग दर वेळी पिळवटून फाटत होता. मग आमच्यातल्या सर्वांत अबोल मुलाने वहीवर एक रेघ काढून दाखवली: तांब्या म्हणजे एका तोंडाशी उघडी आणि दुसऱ्या टोकाशी बंद अशी नळीच आहे, आणि नागीणही तशीच आहे. तांब्याचा काठ हाच नागिणीचा जबडा करायचा, गळा हाच फणा करायचा, पोट ओढत नेऊन अंग करायचे आणि बूड म्हणजे शेपटीचे टोक. त्या दिवसापासून पृष्ठभाग फाटला नाही. दिग्दर्शकांना पुढे हा शॉट आवडला तो मुख्यतः काठाचा जबडा होतो त्या क्षणासाठी, आणि तो क्षण बिंदूंची संख्या जुळवण्याच्या गरजेतून जन्मलेला होता.

नागिणीची चाल शिकण्यासाठी मी पुण्याजवळच्या कात्रजच्या सर्पोद्यानात दोन दिवस जाऊन बसले. साप वळणे घेत पुढे जातो तेव्हा डोके ज्या वाटेने गेले त्याच वाटेने मागचे सगळे अंग जाते, म्हणजे वळण जमिनीवर जिथल्या तिथे राहते आणि साप त्यातून वाहत जातो, ही गोष्ट मी आधी कधीच नीट पाहिली नव्हती. माझ्या पहिल्या प्रयत्नात वळणेच पुढे सरकत होती आणि त्यामुळे नागीण फडफडणाऱ्या फितीसारखी दिसत होती. मात्र वाड्याची फरशी गुळगुळीत शहाबादी होती, आणि तशा जमिनीवर सापाला रेटा द्यायला काही मिळत नाही, तो थोडा घसरतो. म्हणून वाट एकच ठेवून शेपटीकडच्या भागाला मी थोडे बाहेर घसरू दिले. शेपूट वेगाने वळते तिथे चित्र पुसट होणेही गरजेचे होते. कॅमेऱ्याचा पडदा प्रत्येक फ्रेमसाठी एका सेकंदाचा अठ्ठेचाळिसावा भाग उघडा असतो, आणि तेवढ्यात हललेली वस्तू फिल्मवर ओढल्यासारखी उमटते. ते ओढलेपण नसले की हालचाल तुटक दिसते. बाहुल्या एकेक फ्रेम हलवून केलेल्या जुन्या राक्षसांत डोळ्याला जे खटकते ते हेच.

निगेटिव्ह धुऊन झाल्यावर आमच्या शॉटचा तुकडा मद्रासला न्यायचा होता, कारण फिल्म वाचून संगणकात घेणारे आणि संगणकातले चित्र परत फिल्मवर उतरवणारे, अशी दोन्ही यंत्रे असलेली प्रयोगशाळा आम्हाला तिथेच मिळाली होती. शहराचे नाव आदल्या वर्षीच चेन्नई झाले होते, पण आमच्या तोंडी मद्रासच होते. मी डबा मांडीवर घेऊन गाडीने गेले आणि येताना आठ मिलिमीटरच्या एका टेपवर १४४ फ्रेम घेऊन आले. पाच गिगाबाइटची ती टेप शर्टाच्या खिशात मावत होती. परतीच्या प्रवासात मी तिला पंख्याच्या मोटरपासून आणि बाकाखालच्या पत्र्याच्या ट्रंकांपासूनही दूर ठेवले.

मे महिन्याच्या मध्याला पहिल्यांदा तांब्या वाड्याच्या चित्रात बसवला. वस्तू चित्रात बसवण्याची रीत अशी की प्रत्येक बिंदूला लाल, हिरवा आणि निळा यांच्या जोडीला चौथा आकडा असतो, जो सांगतो की वस्तूने त्या बिंदूचा किती भाग झाकला आहे. एड कॅटमल आणि अल्वी रे स्मिथ यांनी सत्तरच्या दशकाच्या अखेरीस ही कल्पना काढली, आणि टॉम पोर्टर व टॉम डफ यांनी १९८४ मध्ये तिचे गणित नेमके मांडले. हे गणित किती साधे आणि किती देखणे आहे ते मी वापरायला लागल्यावरच समजले. तरीही आमच्या तांब्याच्या कडेला एक काळी रेघ येत होती. कडेच्या बिंदूंचा रंग त्या चौथ्या आकड्याने आधीच गुणलेला असताना आम्ही तो पुन्हा गुणत होतो. हे उमगायला तीन दिवस गेले.

रेघ गेली, पण तांब्या फरशीवर टेकेना. स्थिर चित्रात तो बरोबर बसलेला दिसे आणि चित्र चालू केले की तरंगे. मी उजेड तपासला, कोन तपासला, मोजमापाची वही पुन्हा पुन्हा चाळली. घोडे पेंड खात होते ते भलतीकडेच. चित्रीकरणाचा कॅमेरा आरी टू-सी होता. हलका, दणकट आणि आपल्याकडे सर्वत्र वापरला जाणारा, पण फ्रेम उघडी असताना फिल्म जागेवर घट्ट धरून ठेवणारी खुंटी त्याच्या यंत्रणेत नसते. त्यामुळे प्रत्येक फ्रेम आधीच्या फ्रेमपेक्षा अगदी किंचित सरकलेली होती. अख्खा वाडा एक-दोन बिंदूंनी थरथरत होता आणि त्यात आमचा तांब्या मात्र ढिम्म उभा होता. माणसाचा डोळा एरवी वाड्याची ती थरथर पाहतही नाही, पण एकच वस्तू थरथरत नसली की ती लगेच वेगळी पडते. मग उंबऱ्यावरचा एक खिळा आणि फरशीच्या सांध्यातला एक पांढरा ठिपका असे दोन बिंदू धरून आम्ही १४४ फ्रेमचे सरकणे हाताने मोजले. एक फ्रेम उघडायची, पाच पट मोठी करायची, खिळ्याचा मधला बिंदू कुठे आहे ते लिहायचे. दोघींनी मिळून सहा दिवसांत ते संपवले. ते आकडे तांब्याला दिल्यावर तो पहिल्यांदा फरशीवर बसला.

सावलीने त्याहून जास्त दमवले. संगणकातला दिवा म्हणजे एक बिंदू, आणि त्याची सावली सुरीने कापल्यासारखी पडते. ओसरीवरचा उजेड मात्र चौकाच्या आकाशातून उतरत होता, म्हणून चेंडूच्या सावलीला कड अशी नव्हतीच. ती टेकल्याजागी गडद होती आणि बाहेर जाता जाता फरशीत विरघळत होती. एकाऐवजी सोळा मंद दिवे आम्ही गोलाकार मांडले तेव्हा सोळा सावल्या एकमेकींवर पडून कड मऊ झाली. नागिणीचे पोट फरशीला जिथे टेकते तिथली दोरीएवढी काळी रेघ तरीही मिळेना. ती मी प्रत्येक फ्रेमवर हाताने रंगवली. चेंडूचा तो तुकडा शेजारच्या पडद्यावर सतत चालू असे, आणि मी त्याच्याकडे इतका वेळ पाहिला आहे की त्या सावलीत फरशीचा निळसर करडा रंग कुठे संपतो आणि पितळेतून परतलेला पिवळसर उजेड कुठून सुरू होतो, ते मला आजही डोळे मिटून सांगता येईल.

सोळा दिव्यांमुळे एका फ्रेमच्या रेंडरला, म्हणजे संगणकाने ते चित्र पूर्ण काढायला, ४० मिनिटे लागू लागली. १४४ फ्रेमचे ९६ तास झाले, दोन यंत्रांवर वाटले तरी दोन दिवस आणि दोन रात्री. एखादी चूक दुरुस्त केली की पुन्हा तेवढेच. आम्ही रात्रीच्या पाळ्या लावल्या होत्या. जूनच्या शेवटी पावसात वीज वारंवार जाऊ लागली आणि एका पहाटे एक डिस्क चालू होताना खरखरली आणि पुन्हा चालू झालीच नाही. तिच्यावर ५८ फ्रेम होत्या. फ्रेम क्रमांकानुसार वेगवेगळ्या जतन होत असल्याने उरलेल्या शाबूत राहिल्या, पण गेलेल्या फ्रेमवरची हाताने रंगवलेली सावली मला पुन्हा रंगवावी लागली. दुसऱ्या खेपेची जास्त चांगली झाली, हे खरे आहे.

जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात चाचणीसाठी एका सेकंदाच्या २४ फ्रेम मद्रासला फिल्मवर उतरवल्या, त्याही नागीण उंबरा ओलांडते तेव्हाच्या. प्रयोगशाळेच्या छोट्या प्रक्षेपणगृहात तो तुकडा गोल जोडून पुन्हा पुन्हा दाखवला गेला. नागीण चांगली होती. तिच्याखालची सावली मात्र सावली वाटतच नव्हती. फरशीला नागिणीच्या आकाराची चीर पडली आहे आणि तिच्यातून खालचा अंधार दिसतो आहे, असे ते दिसत होते. आमच्या गाळ्यातल्या पडद्यावर हेच चित्र निर्दोष होते. मला रडू आवरेना.

तिथल्या एका ज्येष्ठ तंत्रज्ञांनी मला शेजारी बसवून ते समजावून दिले. फिल्मवरचे चित्र संगणकात आकड्यांत साठवण्याच्या कोडॅकच्या सिनिऑन पद्धतीत प्रत्येक रंगाला शून्य ते १०२३ असे आकडे असतात, पण फिल्मवरचा काळा शून्यावर नसतो. निगेटिव्हवर उजेडाचा कणही पडला नाही तरी फिल्मला स्वतःची एक घनता असते, आणि तिचा आकडा धरला जातो ९५. पांढऱ्या कागदाचा पांढरा ६८५ च्या आसपास येतो आणि त्याच्या वरची जागा आकाश, ज्योत, चकाकी यांच्यासाठी मोकळी असते. आमची सावली कितीतरी ठिकाणी ९५ च्या खाली गेली होती. वाड्यातल्या सर्वांत अंधाऱ्या कोपऱ्यापेक्षा, माजघराच्या बंद दारामागच्या काळोखापेक्षाही ती काळी होती. तसा काळोख त्या फिल्मवर असूच शकत नव्हता. त्यांनी मला एक कोरी वही दिली आणि मूळ शॉटमधल्या दहा काळ्या जागांचे आकडे वाचून लिहायला लावले: दाराची फट, तुळशीवृंदावनाचा कोनाडा, खांबाच्या तळाची सावली. त्यातला एकही ९५ च्या खाली नव्हता. अंधारही मोजता येतो हे मला त्या दुपारी पहिल्यांदा कळले.

परत आल्यावर सगळ्या सावल्या त्या वहीच्या आधाराने उचलल्या, म्हणजे ९५ च्या वर आणल्या. त्याच फेरीत रवेही घातले. फिल्मवर चांदीच्या क्षारांमुळे बारीक रवे दिसतात आणि ते प्रत्येक फ्रेममध्ये नव्याने पडतात. निळ्या थरात ते सर्वांत जाड असतात. आमच्या पितळेवर रवे नव्हते, त्यामुळे ते फार गुळगुळीत भासत होते. मूळ शॉटमधल्या सपाट भिंतीचा एक तुकडा घेऊन त्यातले रवे आम्ही रंगानुसार वेगळे केले आणि त्या प्रमाणात नागिणीवर पेरले. पडद्यावर थांबवून पाहिले तर चित्र खराब झाल्यासारखे वाटते. चालवले की नागीण त्या वाड्यात राहणारी वाटते.

ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात १४४ फ्रेम फिल्मवर उतरल्या, निगेटिव्ह मुंबईला आले आणि संकलनाप्रमाणे रिळात जोडले गेले. पहिली प्रिंट काढण्याआधी रंग जुळवणारे ग्रेडर प्रत्येक शॉट पाहून लाल, हिरवा आणि निळा असे छपाईच्या दिव्यांचे तीन आकडे ठरवत. त्या दिवशी मला तिथे बसू दिले होते. ते गृहस्थ साठीचे होते, एका हाताने चाक फिरवत होते आणि दुसऱ्या हाताने कागदावर आकडे लिहीत होते. कोणता शॉट आमचा आहे हे त्यांना कोणीच सांगितले नव्हते आणि मीही काही बोलले नाही. वाड्याचा बाहेरचा शॉट आला, त्यांनी आकडे लिहिले. ओसरीवर तांब्या ठेवणाऱ्या हाताचा शॉट आला, त्यांनी थोडा हिरवा कमी केला. मग आमचा शॉट आला. तांब्या खचला, काठ उघडला, नागीण फरशीवर उतरली आणि तिची सावली उंबऱ्याच्या झिजलेल्या मधल्या भागात वाकून आत गेली. ग्रेडर काकांनी चाक मागे फिरवून तो आणखी एकदा पाहिला, मग कागदावर आधीच्या शॉटच्या आकड्यांखाली वरच्यासारखेच अशी खूण केली आणि पुढचा शॉट लावला.